समाचार

मराठी ख्रिस्ती उपासनेत प्रभुभोजन, म्हणजे भाकर आणि द्राक्षरसाचा विधी, झालं की आशीर्वादाआधी सूचना होतात. पुण्याच्या पूर्व भागातल्या एका जुन्या मंडळीत गेल्या महिन्यात सेक्रेटरी नेहमीसारखे कागद घेऊन उभे राहिले. कुणाकुणाची वर्गणी थकलीय, मतदार यादी कधी लागणार, कुणाचे बॅन्स, म्हणजे लग्नाची जाहीर सूचना, दुसऱ्यांदा वाचायचेत, दफनभूमीचे नवे दर, तरुण संघाची सहल, गाड्या शाळेच्या गेटासमोर लावू नयेत. सगळ्यात शेवटी, कागदाची घडी घालता घालता आणि पेटीवाल्याने सूर धरलेला असताना, त्यांनी एका दमात म्हटलं, "आणि आपल्या मंडळीतल्या एक भगिनी ससूनला ॲडमिट आहेत, त्यांची प्रार्थनेत आठवण ठेवा." नावही घेतलं. डावीकडच्या सहाव्या बाकावरून एक हात अर्धवट वर आला. विटकी शाल, हातावर सलाइनच्या सुईचा काळानिळा डाग. "अहो, मी इथंच आहे. घरी येऊन तीन आठवडे झाले मला." सगळे हसले. सेक्रेटरीही हसले, "देवाची स्तुती असो" म्हणाले, आणि गीत सुरू झालं. बाईसुद्धा पदर तोंडाला लावून हसत होत्या.

तो अर्धवट वर आलेला हात मात्र डोळ्यांपुढून हलायला तयार नाही.

झालं काय असणार, हे कुठल्याही मंडळीचं कामकाज जवळून पाहिलेल्या माणसाला लगेच कळेल. सूचनांची फाइल एकच असते. शनिवारी रात्री ती उघडायची, तारीख बदलायची, दोन ओळी काढायच्या, दोन घालायच्या, प्रिंट मारायची. सहल होऊन गेली की सहलीची ओळ निघते, कारण ती ठेवली तर लोक चौकशी करतात. आजाऱ्याची ओळ काढायला कुणी सांगत नाही. दवाखान्यात भरती होताना घरचं कुणीतरी चर्चला फोन करतं, प्रार्थना करा म्हणतं. डिस्चार्जच्या दिवशी बिल, औषधांची चिठ्ठी, रिक्षा, जिना यांतून फोन कुणाला सुचणार? आजाराची बातमी आपल्या पायांनी मंडळीपर्यंत चालत येते, बरं झाल्याची आणायला कुणालातरी जावं लागतं. तीन रविवार दोनेकशे माणसांनी या बाईंसाठी डोळे मिटले आणि त्या दोनेकशांतलं एकही माणूस त्यांच्या दारात गेलं नाही. गेलं असतं तर ओळ आपोआप निघाली असती. म्हणून मला तो कागद चुकीचा वाटत नाही. कागदाने खरं तेच सांगितलं.

आपल्याकडे यासाठी शब्द आहे, समाचार. बायबलात मत्तयाच्या पंचविसाव्या अध्यायात तो येतो: "आजारी होतो तेव्हा तुम्ही माझ्या समाचारास आलात." मराठीत समाचाराला जातात आणि समाचार घेतातही, आणि दोन्हींत जमीन-अस्मानाचं अंतर. हल्ली कमिटीच्या बैठकांत समाचार भरपूर घेतला जातो.

तसाच दुसरा शब्द मंडळी. त्याच मत्तयात, सोळाव्या अध्यायात, खडकावर जी रचली जाते ती इमारत नाही, 'मंडळी' आहे. घरी पाहुणे आले की "या मंडळी" म्हणतो तीच. इमारतीला वेगळा शब्द होता. गुरुवार पेठेत पंचहौदला जे उभं आहे त्याचं नाव पवित्र नाम देवालय. १८८५ चं दगडी काम, शेजारी सुटा उभा घंटामनोरा. देवालय म्हणजे भिंती, मंडळी म्हणजे माणसं, असा हिशेब साफ होता. मधेच 'चर्च' हा शब्द आला आणि दोन्ही गिळून बसला. आता कुणी "चर्चला गळती लागलीय" म्हणालं तर छपराला की माणसांना, हे विचारून घ्यावं लागतं. छपराची असेल तर कमिटी त्याच रात्री बसते.

यात कमिटीला नुसतं धोपटण्यात अर्थ नाही. शंभर-सव्वाशे वर्षांची इमारत सांभाळणं म्हणजे काय ते ज्याने मे महिन्यात शाकारणीला माणसं शोधलीत त्यालाच ठाऊक. मंगलोरी कौलं परतणारे कारागीर मिळत नाहीत. मिळाले तर फुटलेल्या कौलांच्या मापाची नवी मिळत नाहीत. एक कौल अर्धा इंच सरकलं की खालचा सागवानी वासा दोन पावसाळ्यांत कुजतो, आणि तो बदलायचा खर्च सबंध वर्षाच्या दानार्पणाएवढा निघतो. त्यात मालमत्ता ट्रस्टची. विश्वस्त बदलला की सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था कायद्याच्या कलम २२ खाली ९० दिवसांत चेंज रिपोर्ट भरायचा. इंचभर जमीन विकायची किंवा इमारत तीन वर्षांहून जास्त मुदतीने भाड्याने द्यायची तर कलम ३६ खाली धर्मादाय आयुक्तांची आधी परवानगी. चेंज रिपोर्ट वेळेत भरला नाही की कागदोपत्री जुनेच विश्वस्त राहतात. त्यांतले दोघे देवाघरी गेलेले असतात, तिसरा ऑस्ट्रेलियात, आणि चौथ्याला अचानक आठवतं की सही आपलीच चालते. भांडण तिथून सुरू होतं. २९ नोव्हेंबर १९७० ला नागपुरात सहा परंपरांच्या मंडळ्या एकत्र येऊन उत्तर भारताची मंडळी (चर्च ऑफ नॉर्थ इंडिया) झाली. उपासनेची पुस्तकं जुळली, बाप्तिस्मा बाळपणी की मोठेपणी यावरही तोड निघाली. सातबारा मात्र प्रार्थनेने जुळत नाही.

मग कमिटीची निवडणूक. मतदार यादीत नाव हवं तर दृढीकरण, म्हणजे मंडळीपुढे विश्वासाची जाहीर कबुली, झालेलं हवं आणि वर्गणी भरलेली हवी. वर्षाला बारा छोटी पाकिटं मिळतात, त्यावर सभासद क्रमांक असतो. निवडणुकीच्या वर्षी अकरा महिन्यांची पाकिटं एकाच रविवारी पिशवीत पडतात, तेव्हा दानपिशवी फिरवणारा तरुणसुद्धा ओळखून हसतो. पैसे मोजण्याची शिस्त चांगल्या मंडळीत कडक असते. वस्त्रगृहात दोघांनी मिळून मोजायचं, नोटांचा तपशील लिहायचा, दोघांच्या सह्या, सोमवारी बँकेत. "उद्या निवांत मोजू" म्हणून पिशवी एकट्याच्या घरी गेली की पैसे पूर्ण असले तरी विश्वास कमी भरतो. आता खांबाला क्यूआर कोड लागलाय. त्याची अडचण उलटी आहे, पैसे दिसतात आणि माणूस दिसत नाही. वर्गणी, हंगामाच्या सणाचं अर्पण, आईच्या स्मरणार्थ दिलेले पाचशे, सगळं एकाच ओळीत जाऊन पडतं आणि खजिनदार मार्चमध्ये डोकं धरून बसतो.

नारायण वामन टिळकांनी १९१७ मध्ये मिशनची नोकरी सोडली आणि 'देवाचा दरबार' काढला. बाप्तिस्मा घेतलेले आणि न घेतलेले, दोघांनाही त्यात जागा होती. सभासद क्रमांकाची पाकिटं त्या दरबारात कशी बसली असती, हा विचार मनात येऊन जातो. दोन वर्षांत टिळक गेले आणि दरबार तिथेच राहिला. उरली ती त्यांची भजनं, आणि आज मराठी मंडळी उभी आहे ती बरीचशी त्या भजनांवर.

तीही आता पडद्यावर आली. इंग्रजी शाळेतल्या पोरांना उपासना संगीताचं पुस्तक वाचता येत नाही, म्हणून प्रोजेक्टरवर शब्द रोमन अक्षरांत टाकतात. हेतू चांगला आहे. पण बी, ए, एल अशी तीन अक्षरं आली की पोरांनी म्हणायचं काय? बाळ, बाल, बळ की बल? देवाकडे बळ मागायच्या जागी चौघं-पाच जण ठासून बाळ मागतात आणि पुढच्या बाकावरच्या आज्या एकमेकींकडे बघतात. ओवी-अभंगाची चाल हलली की शब्दही हलतो, कारण दीर्घ कुठे ओढायचा ते रोमनमध्ये दिसत नाही. मला वाटतं पडदा राहू द्यावा, फक्त त्यावर देवनागरी टाकावी आणि शब्बाथ शाळेतली दहा मिनिटं बाराखडीला द्यावीत. पण हे सुचवणाऱ्याला 'मग तुम्हीच घ्या वर्ग' असं उत्तर मिळतं, हे मान्य.

दफनभूमीच्या दराची सूचना वाचली जाते तेव्हा मात्र सगळे कान देऊन ऐकतात. महाराष्ट्रात ख्रिस्ती माणूस शंभरात एकसुद्धा भरत नाही, पुण्यात त्याला पुरायला जागा मोजकी, आणि ती भरत आलेली. पक्की कबर सात फूट बाय तीन फूट धरली तरी तेवढी जमीन कायमची अडते, वर संगमरवर बसवला की विषयच संपला. म्हणून घराण्याची कबर पुन्हा उघडायची, जुनी हाडं एका बाजूला किंवा भिंतीतल्या कोनाड्यात ठेवायची, ही पद्धत आली. हे जमायला पेटी मातीत विरावी लागते. साध्या फळीची पेटी विरते. सनमायका लावलेली, आत पॉलिस्टरची झालर आणि खाली प्लास्टिक अंथरलेली पेटी तशीच राहते. मुदत भरली म्हणून कबर उघडावी तर आत सगळं जसंच्या तसं, आणि पुन्हा माती लोटावी लागते. ज्या घराने जास्त खर्च केला त्याच घराची पंचाईत जास्त. हे दुःखाच्या दिवशी पेटी निवडणाऱ्याला सांगणार कोण? त्या दिवशी तिथे मंडळीचं माणूस हजर असावं लागतं, आणि त्याचा शब्द चालावा इतकी त्याची आधीची ये-जा त्या घरात असावी लागते.

खरं तर मंडळी म्हणजे काय हे पाहायचं तर मातीच्या दिवशी पाहावं. डॉक्टरांचा दाखला, महापालिकेचा पास, दफनभूमीच्या वहीत नोंद, एवढं दोन तासांत व्हावं लागतं. खड्डा पाच-सहा फूट. वरची काळी माती भराभर निघते, मग मुरूम लागला की पहारीशिवाय गत्यंतर नाही, चार तास कुठेच जात नाहीत. पावसाळ्यात खणून ठेवलेल्या खड्ड्यात पाणी भरतं आणि कडा ढासळतात, म्हणून खणणारे शेवटचा फूटभर उशिरा काढतात. माप देताना लोक पेटीची रुंदी सांगतात आणि बाजूच्या कड्या धरायला विसरतात. मग ऐन वेळी पेटी अर्ध्यावर अडकते आणि विधवा बाईसमोर कुदळ चालवावी लागते. त्या कड्या शोभेच्या असतात, त्यांना धरून पेटी उचलायची नाही, खालून हात घालायचा आणि खाली सोडताना दोरांवर सोडायची. हे सगळं माहीत असलेली चार-पाच माणसं प्रत्येक मंडळीत असतात. बहुतेक कधी निवडून आलेली नसतात, सूचनेच्या कागदावर त्यांचं नाव नसतं. "मातीला माती" म्हणून पाळकसाहेबांनी मूठ टाकली की हेच लोक सगळ्यांत शेवटपर्यंत फावडं मारत राहतात, आणि मग नळावर हात-पाय धुऊन कुणाशीही न बोलता कामावर जातात.

मेल्यावर मंडळी हमखास येते. प्रश्न त्याआधीच्या आठवड्यांचा आहे.

आजाऱ्याकडे जाणंही शिकायची गोष्ट आहे आणि ती कुणी शिकवत नाही. पाळकाकडे एक लहान पेटी असते. तिच्यात बोटभर उंचीचे चार-सहा काचेचे ग्लास, झाकणाची डबी, पांढरा रुमाल, द्राक्षरसाची बाटली. पुष्कळ मराठी मंडळ्यांत हा रस घरीच करतात. अर्धा किलो काळ्या मनुका दोन लिटर पाण्यात रात्रभर भिजवायच्या, सकाळी थोडी साखर घालून उकळायच्या, कुस्करून फडक्यातून गाळायचं. फ्रिजबाहेर राहिला तर दोन दिवसांत फसफसतो. अंथरुणावरच्या माणसाला भाकर कोरडी द्यायची नाही, घशात अडकते. रसात बुडवून नखाएवढा तुकडा जिभेवर ठेवायचा, आणि गिळता येतंय का हे आधी घरच्यांना विचारायचं. नाकातून नळी असेल तर काही द्यायचं नाही, ओठाला नुसता ओलावा लावायचा. रुग्णाच्या खाटेवर बसायचं नाही. मोठ्याने प्रार्थना करायची नाही, वॉर्डातली बाकीची पस्तीस माणसंही आजारीच असतात. वीस मिनिटं पुरेत. सर्वांत जास्त बिघडतं ते बोलण्यामुळे. "माझ्या मेव्हण्याला हेच झालं होतं" हे वाक्य ज्याने उच्चारलं त्याला त्या दिवशी घरी पाठवावं. आणि "देवाची काहीतरी योजना असेल" हे तर त्याहून वाईट, कारण त्यावर रुग्णाला हो म्हणावं लागतं.

आता हिशेब करा. मंडळीत तीनशे घरं आणि पाळक एक. आठवड्याला तीन घरं गेलं तर शंभर आठवडे, म्हणजे एका घराची पाळी जवळजवळ दोन वर्षांनी. देवालयं बांधली तेव्हा लोक मिशनच्या आवारात, फार तर दोन गल्ल्या पलीकडे राहत. संध्याकाळी फिरायला निघालेला पाळक आठ घरं करून येई. आज मंडळी खराडी, वाघोली, चिंचवड, उंड्रीला पसरलीय. एक घर म्हणजे एक संध्याकाळ, त्यात नगर रोड. सोसायटीच्या गेटावर रखवालदार ॲपवर विचारतो, कुठून आलात, काय काम. तिथे 'प्रार्थना' सांगायला माणूस हल्ली कचरतो. कुणाच्या मनात काय येईल, कोण काय विचारील, ते कशाला ओढवून घ्या, म्हणून 'पर्सनल' असं सांगून आत जातो. लिफ्टमध्ये बायबलची पिशवी सहज उलट्या बाजूला धरतो. त्याची चूक आहे असं म्हणवत नाही, आणि बघूनही बरं वाटत नाही.

हॉटेलांच्या सभागृहांत भरणाऱ्या नव्या मंडळ्यांकडे आपली तरुण पोरं जातात, तेव्हा आपल्याकडे दोष गिटारला दिला जातो. मी तो देत नाही. त्यांच्यात दहा-बारा घरांचा एक गट असतो, बुधवारी कुणाच्यातरी घरी जमतो. रविवारी कुणी दिसलं नाही तर सोमवारी त्याला फोन जातो. त्यांचा उपदेश मला पटतोच असं नाही, पण तो सोमवारचा फोन मात्र बिनतोड आहे. आणि गंमत अशी, की हे आपलंच जुनं. कॉटेज मीटिंग म्हणून आपल्या आज्या जे करत, शुक्रवारी संध्याकाळी चटया, पेटी, एक भजन, एक अध्याय, आणि मग कोणाच्या घरी काय चाललंय याची इत्थंभूत माहिती, तेच ते. चुगल्याही होत असणारच. पण डिस्चार्ज होऊन तीन आठवडे झालेली बाई त्यांच्या नजरेतून सुटली नसती.

आजच्या कागदी मंडळीत ते काम करतो तो उपासनेनंतरचा चहा. चहाचं आणि पुण्याच्या मिशनचं नातं तसं जुनंच. १८९० मध्ये पंचहौद मिशनला व्याख्यान ऐकायला गेलेल्यांपुढे चहा-बिस्किटं आली, त्यांत लोकमान्य टिळक होते, न्यायमूर्ती रानडे होते. नावं 'पुणे वैभव' या वर्तमानपत्रात छापून आली आणि ख्रिस्त्यांच्या हातचं घेतलं म्हणून ग्रामण्य, म्हणजे जातीबाहेर टाकण्याचा वाद, उभं राहिलं ते थेट शंकराचार्यांपर्यंत. प्रायश्चित्तं झाली. एका कपाची एवढी किंमत कुणी मोजली नसेल. आता पाळीपाळीने एकेक घर चहा करतं. शंभर माणसांना दहा लिटर, आलं जरा सढळ, सोबत खारी. कुणाच्या सुनेला दिवस गेलेत, कुणाची नोकरी गेली, कुणाचा गुडघा बदलायचाय, हे सगळं त्या वीस मिनिटांत कळतं. मात्र चहाला जे थांबतात त्यांचंच कळतं. जे आलेच नाहीत त्यांचं काय, ते चहालाही ठाऊक नसतं.

त्या रविवारी बाई थांबल्या होत्या. प्लास्टिकच्या खुर्चीवर, बशीत ओतून चहा पीत. सेक्रेटरी ओशाळून जवळ आले, "मावशी, माफ करा हं, फाइल जुनीच राहिली. तुमचं नाव काढतो आजच." बाईंनी बशी खाली ठेवली. "काढा की. पण ओळ मोडू नका. माझ्या शेजारच्या खाटेवर एक जण होती, तिचं नाव घाला तिथं."

"कुठल्या मंडळीच्या?"

"कुठल्याच नाही. दौंडकडची आहे. पोरगा रविवारचाच तेवढा येतो बिचारा."

सेक्रेटरींनी खिशातून पेन काढलं. घडी घातलेला कागद गुडघ्यावर उलगडून नाव लिहिलं, वॉर्ड विचारला, खाट नंबर विचारला. मग पेन थांबलं. "पण मावशी, तीन आठवडे झाले. अजून असतील का त्या तिथं?"

"आता ते मी इथं बसून कसं सांगू?" बाई म्हणाल्या. "जाऊन बघायला लागंल."